मोटारगाडीतील अल्पदाबाचा दोष-संकेतांक आणि त्याचे निदान

मोटारगाडीतील बिघाडाचा शोध पूर्वी कान, नाक आणि हात यांच्या साहाय्याने घेतला जात असे. आजची गाडी आपल्या बिघाडाची नोंद स्वतःच ठेवते. एक अक्षर व चार अंक यांचा बनलेला संकेतांक तिच्या नियंत्रक संगणकाच्या स्मृतीत साठविला जातो आणि स्कॅनर जोडताच तो पडद्यावर उमटतो. या सोयीमुळे दुरुस्तीचे काम पुष्कळ सुकर झाले आहे, यात संशय नाही. परंतु तिच्याबरोबर एक नवा प्रमादही रूढ झाला. संकेतांक वाचणे म्हणजेच निदान करणे, अशी समजूत सर्वत्र पसरली आहे. ही समजूत किती भ्रामक आहे हे विद्युत्-दाब कमी असल्याचे दर्शविणाऱ्या संकेतांकाच्या उदाहरणावरून जितके स्पष्ट होते तितके क्वचितच दुसऱ्या कशावरून होईल. प्रस्तुत लेखात या संकेतांकाचा अर्थ, त्यामागील भौतिकी व रसायन आणि त्याच्या निदानाची रीत यांचा विचार करावयाचा आहे.

छत्रपती संभाजीनगरच्या परिसरात या विषयाला विशेष महत्त्व आहे. वाळूज येथे १९८५ साली बजाज ऑटोचा कारखाना सुरू झाला, तर शेंद्रा येथे २००१ साली स्कोडा गाड्यांच्या जुळणीस प्रारंभ झाला. वाहने व त्यांचे सुटे भाग बनविणारे अनेक उद्योग या शहराच्या आश्रयाने वाढले. दुसऱ्या बाजूस, दिल्ली दरवाजातून उत्तरेस निघून हर्सूलवरून फुलंब्री, सिल्लोड व अजिंठा यांकडे जाणाऱ्या मार्गावर रोज असंख्य गाड्या धावतात. त्यांतील काही शंभर किलोमीटर सलग चालतात, तर काही हर्सूल ते शहर एवढाच पल्ला दिवसातून दोनदा काटतात. उन्हाळ्यात येथील तापमान चाळीस अंश सेल्सिअसच्या वर जाते. दीर्घ उष्णता आणि थोडका प्रवास या दोन्ही गोष्टी बॅटरीला प्रतिकूल आहेत. सबब, अल्पदाबाचा संकेतांक हा येथील गॅरेजांना अपरिचित असण्याचे कारण नाही. त्याचा अर्थ लावण्यात चूक झाली तर मालकाचे हजारो रुपये व्यर्थ जातात, निर्दोष भाग भंगारात जमा होतो आणि मूळ दोष जागच्या जागी राहून गाडी पुन्हा भर रस्त्यात बंद पडते.

संकेतांकाची रचना

वाहनातील स्वयंनिदान-पद्धतीचा सार्वत्रिक अवलंब प्रथम अमेरिकेत झाला. १९९६ सालापासून तेथे विकल्या जाणाऱ्या प्रत्येक मोटारगाडीत ओ. बी. डी. दोन ही पद्धती असणे सक्तीचे झाले. भारतात या पद्धतीचा पहिला टप्पा एप्रिल २०१० मध्ये व दुसरा टप्पा एप्रिल २०१३ मध्ये चारचाकी वाहनांना लागू करण्यात आला. मूळ हेतू धुरातील प्रदूषकांवर लक्ष ठेवण्याचा होता; तथापि, एकदा नोंद ठेवण्याची सोय झाल्यावर तिचा उपयोग इतर अनेक बिघाडांसाठीही होऊ लागला.

संकेतांकातील पहिले अक्षर दोषाचे क्षेत्र सांगते. ‘पी’ म्हणजे इंजिन व शक्तिसंचरण, ‘सी’ म्हणजे चाके, ब्रेक, सुकाणू इत्यादींचा सांगाडा, ‘बी’ म्हणजे गाडीचा देह आणि ‘यू’ म्हणजे नियंत्रकांमधील परस्पर-संदेशवहन. त्यानंतरचा अंक शून्य असेल तर तो संकेतांक सर्व निर्मात्यांना समान असतो. प्रस्तुत विषयाचा मुख्य संकेतांक ‘पी ०५६२’ हा होय. ‘यंत्रणेचा विद्युत्-दाब कमी’ एवढाच त्याचा अर्थ आहे. त्याच्या शेजारी पी ०५६० म्हणजे दाबात दोष, पी ०५६१ म्हणजे दाब अस्थिर आणि पी ०५६३ म्हणजे दाब अधिक, हे त्याचे बांधव आहेत.

जुन्या फोक्सवॅगन-समूहाच्या गाड्यांत, अर्थातच स्कोडाच्या काही गाड्यांतही, हाच दोष १६९४६ या पाच अंकी संख्येने दर्शविला जातो. वरवर पाहता ही संख्या गूढ वाटते. वस्तुतः ती १६३८४ व ५६२ यांची बेरीज आहे. आणि १६३८४ म्हणजे दोनाचा चौदावा घात. संगणकाच्या द्विमान पद्धतीतील एका स्थानाला ‘पी शून्य’ असा अर्थ देऊन ही संख्या सिद्ध केलेली आहे. हे लक्षात घेतले म्हणजे दोन पद्धतींतील संकेतांक निरनिराळे दोष सांगतात, हा भ्रम दूर होतो.

येथे एक गोष्ट नीट ध्यानात घेतली पाहिजे. पी ०५६२ हा संकेतांक बॅटरी खराब आहे असे सांगत नाही, आणि अल्टरनेटर खराब आहे असेही सांगत नाही. नियंत्रकाच्या स्वतःच्या दोन टोकांमध्ये, ठरावीक परिस्थितीत व ठरावीक काळपर्यंत, विद्युत्-दाब एका मर्यादेखाली होता, एवढेच त्याचे विधान आहे. ही मर्यादा निर्मात्यानुसार भिन्न असते. बहुधा ती दहा ते अकरा व्होल्टांच्या आसपास असते आणि इंजिन चालू असताना काही सेकंद दाब तिच्याखाली राहिला तरच नोंद होते. म्हणजे संकेतांक हे एक निरीक्षण आहे. निरीक्षणापासून कारणापर्यंतचा प्रवास मनुष्यालाच करावा लागतो.

त्या प्रवासात एक मोलाचे साधन उपलब्ध असते. पुष्कळदा संकेतांकाबरोबर त्या क्षणीची परिस्थितीही गोठविल्याप्रमाणे साठविलेली असते. इंजिनाचे दर मिनिटाचे फेरे, गाडीचा वेग, शीतक-द्रवाचे तापमान, आणि काही गाड्यांत नियंत्रकाला मिळणारा दाब, हे आकडे तीत सापडतात. फेरे दोनशेच्या घरात असतील तर दाब सेल्फ मारताना उतरला. आठशेच्या घरात व वेग शून्य असेल तर गाडी उभी असताना उतरला. अडीच हजार असतील तर चालत्या गाडीत अल्टरनेटरच निकामी झाला असण्याचा संभव अधिक. हे आकडे न पाहता संकेतांक पुसून टाकणे म्हणजे पंचनाम्यापूर्वी घटनास्थळ झाडून काढण्यासारखे आहे.

संचायकाचे स्वरूप

शिसे व गंधकाम्ल यांचा संचायक घट गास्तों प्लांते या फ्रेंच शास्त्रज्ञाने १८५९ साली सिद्ध केला. मोटारगाडीत त्याला मानाचे स्थान मिळाले ते १९१२ साली, जेव्हा चार्ल्स केटरिंग याने योजलेला विद्युत्-आरंभक कॅडिलॅक गाडीत बसविण्यात आला. तोपर्यंत हँडल फिरवून इंजिन सुरू करावे लागे. मूलतत्त्व आजही तेच आहे. पूर्ण भरलेल्या घटात ऋण पट्टिका सच्छिद्र शिशाची आणि धन पट्टिका शिशाच्या डायऑक्साइडची असते. विसर्जनाच्या वेळी दोन्ही पट्टिकांवर शिशाचे सल्फेट जमते, आम्ल खर्ची पडते व पाणी निर्माण होते. त्यामुळे द्रावाची घनता उतरते. भारणाच्या वेळी ही क्रिया उलट दिशेने घडते. बॅटरीत किती विद्युत् शिल्लक आहे याचा अंदाज आम्लाच्या विशिष्ट गुरुत्वावरून बांधता येतो, तो यामुळेच.

विशिष्ट गुरुत्व आणि विश्रांत अवस्थेतील दाब यांचा संबंध सोपा आहे. विशिष्ट गुरुत्वात ०.८४ मिळविले असता एका घटाचा दाब व्होल्टांत मिळतो. विशिष्ट गुरुत्व १.२८० असेल तर एका घटाचा दाब २.१२ आणि सहा घटांचा १२.७२ व्होल्ट. या साध्या नियमाचा एक महत्त्वाचा परिणाम उष्ण प्रदेशात जाणवतो. आम्ल जितके तीव्र तितकी पट्टिकांची झीज अधिक, आणि उष्णतेने ती आणखी वाढते. म्हणून उष्ण प्रदेशांसाठी पुष्कळदा सौम्य आम्ल भरले जाते. पूर्ण भारित अवस्थेत त्याचे विशिष्ट गुरुत्व १.२४० च्या सुमारास असते. अशा बॅटरीचा विश्रांत दाब नियमानुसार १२.४८ व्होल्टच येईल. थंड देशांत तयार झालेल्या कोष्टकाप्रमाणे हा आकडा ‘पाऊण भरलेली’ असा वाचला जाईल, वस्तुतः ती बॅटरी पूर्ण भरलेली आहे. उलटपक्षी, द्राव शोषून घेणाऱ्या तंतुमय पटलाच्या बंद बॅटरीत आम्ल अधिक तीव्र असते व तिचा विश्रांत दाब १२.८ च्या पुढे जातो. तात्पर्य, बॅटरीची जात ठाऊक असल्याखेरीज दाबाच्या आकड्याला अर्थ नाही.

हायड्रोमीटरने विशिष्ट गुरुत्व मोजताना तापमानाची दुरुस्तीही करावी लागते. संदर्भ-तापमान २७ अंश धरले तर त्यावरील प्रत्येक अंशास ०.०००७ इतकी भर घालावी. चाळीस अंशांवर ही भर सुमारे ०.००९ होते. आणखी एक सावधगिरी अशी की गाडी नुकतीच चालून आली असेल तर पट्टिकांच्या पृष्ठभागावर क्षणिक भार साचलेला असतो आणि दाब फसवा, म्हणजे अधिक दिसतो. गाडी रात्रभर उभी ठेवून सकाळी मोजणे हे उत्तम. ते शक्य नसेल तर हेडलाइट काही मिनिटे लावून हा भार उतरवावा व नंतर मोजावे.

बॅटरीच्या आयुष्यावर उष्णतेचा परिणाम रासायनिक क्रियांच्या सामान्य नियमाप्रमाणेच होतो. स्थूलमानाने तापमान दहा अंशांनी वाढले की झिजेचा वेग दुप्पट होतो. शिवाय पाणी उडून जाते आणि पट्टिकांचा वरचा भाग उघडा पडतो. मे महिन्यात बॉनेटखाली ही हानी मुकाट्याने होत असते. तिचा प्रत्यय मात्र डिसेंबरात येतो, कारण थंडीत इंजिनातील तेल घट्ट होते, सेल्फला अधिक प्रवाह लागतो आणि बॅटरीचा अंतर्गत रोधही वाढलेला असतो. हिवाळ्यात बसलेली बॅटरी पुष्कळदा उन्हाळ्यानेच मारलेली असते.

भारण-यंत्रणा

गाडी चालू असताना विजेचा मुख्य पुरवठा बॅटरी करीत नाही, अल्टरनेटर करतो. अल्टरनेटर त्रिकला प्रत्यावर्ती प्रवाह निर्माण करतो. डायोडांच्या साहाय्याने त्याचे एकदिश प्रवाहात रूपांतर होते आणि नियामक त्याचा दाब सामान्यतः १३.८ ते १४.५ व्होल्टांच्या दरम्यान राखतो. बॅटरीच्या दाबापेक्षा हा दाब अधिक असल्याविना तिच्यात प्रवाह शिरणार नाही. अतिभारणाने पाणी उडू नये म्हणून तापमान वाढेल तसा नियामक हा दाब किंचित उतरवितो. म्हणून मे महिन्याच्या दुपारी १३.६ व्होल्ट दिसले म्हणजे लगेच अल्टरनेटरवर दोष ठेवणे योग्य नाही. अलीकडील काही गाड्यांत तर इंधन वाचविण्यासाठी संगणकच अल्टरनेटरला आज्ञा देतो आणि बॅटरी पुरेशी भरलेली असेल तेव्हा दाब बुद्धिपुरस्सर साडेबारा व्होल्टांपर्यंत उतरू देतो. तेथे तर एका क्षणीच्या आकड्यावरून कोणताच निष्कर्ष काढता येत नाही.

अल्टरनेटरचा एखादा डायोड निकामी झाला तर सरासरी दाब जेमतेम ठीक दिसतो, परंतु पूर्ण भार पेलण्याची त्याची शक्ती उणावते. मल्टिमीटर प्रत्यावर्ती दाबावर ठेवून बॅटरीच्या टोकांवर मोजले असता अर्ध्या व्होल्टहून अधिक तरंग आढळला तर अशा डायोडाचा संशय घ्यावा. डायोड आतून जुळून गेला तर गाडी बंद असतानाही त्यातून बॅटरीचा प्रवाह झिरपत राहतो.

मार्गातील रोध

नियंत्रकाला दिसणारा दाब हा बॅटरीच्या टोकांवरील दाब नव्हे. त्यातून तारा, फ्यूज, रिले व अर्थचे सांधे यांतील उतार वजा झालेला असतो. ओहमच्या नियमाप्रमाणे हा उतार प्रवाह व रोध यांच्या गुणाकाराइतका असतो. मोटारगाडीतील प्रवाह मोठे असल्यामुळे रोध अत्यल्प असला तरी उतार लक्षणीय होतो. साठ अँपिअर प्रवाहाच्या मार्गात एक-शतांश ओहम रोध आला तर ०.६ व्होल्ट नाहीसे होतात. इतका सूक्ष्म रोध सामान्य मल्टिमीटरच्या ओहम-मापनात दिसतच नाही. म्हणून रोध न मोजता, प्रवाह चालू ठेवून त्या तुकड्याच्या दोन टोकांमधील दाबाचा उतार मोजणे हीच योग्य पद्धती होय. भारणाच्या वेळी धन किंवा अर्थ यांपैकी कोणत्याही एका बाजूवरील उतार ०.२ व्होल्टहून अधिक नसावा, आणि सेल्फ मारताना तो अर्ध्या व्होल्टच्या आत असावा, असा ढोबळ दंडक आहे.

एक उदाहरण

वरील विवेचन स्पष्ट व्हावे म्हणून एक कल्पित उदाहरण घेणे इष्ट ठरेल. हर्सूल येथे राहणाऱ्या एका गृहस्थांची पेट्रोलवर चालणारी गाडी आहे, असे समजू. बॅटरी ४५ अँपिअर-तासांची, सौम्य आम्लाची आहे. गाडी रोज विद्यापीठापर्यंत काही किलोमीटर जाते व परत येते. अलीकडे सकाळी सेल्फ जड फिरतो. एके दिवशी वाहतुकीच्या कोंडीत इंजिनाचा व ब्रेकचा असे दोन्ही सूचक दिवे लागले. स्कॅनरने तीन संकेतांक दाखविले : पी ०५६२, ब्रेक-नियंत्रकाशी संपर्क तुटल्याचा यू ०१२१ आणि सुकाणू-साहाय्याचा पुरवठा-दाब कमी असल्याचा आणखी एक. एका ठिकाणी ब्रेकचा नियंत्रक बदलण्याचा सल्ला मिळाला, तर दुसरीकडे नवी बॅटरी घेण्याचा.

गोठविलेल्या नोंदीत फेरे ७२०, वेग शून्य, शीतकाचे तापमान ९४ अंश व दाब १०.८ व्होल्ट असे आकडे मिळाले. म्हणजे इंजिन तापलेले, गाडी उभी, रेडिएटरचा पंखा व वातानुकूलन चालू. सेल्फ मारण्याशी या नोंदीचा संबंध नाही, हे प्रथमच निश्चित झाले.

दुसऱ्या दिवशी सकाळी विश्रांत दाब १२.१ व्होल्ट भरला आणि सहाही घटांचे विशिष्ट गुरुत्व १.१८० च्या आसपास, एकसारखे आढळले. नियमाने १.१८० अधिक ०.८४, गुणिले सहा, म्हणजे १२.१२ व्होल्ट, दोन्ही मापने परस्परांशी जुळतात. बॅटरी निम्मीच भरलेली आहे. मात्र कोणताही एक घट इतरांहून वेगळा नसल्याने ती मेलेली नाही, उपाशी आहे. प्रश्न आता असा की तिला पोट भरण्याइतके का मिळत नाही.

सेल्फ मारताना बॅटरीच्या टोकांवर दाब १०.८ व्होल्टांपर्यंतच उतरला, परंतु त्याच क्षणी सेल्फच्या टोकाशी, त्याच्या कवचाच्या सापेक्ष, केवळ ७.६ व्होल्ट मिळाले. हा विरोधाभास बोलका आहे. बॅटरीच दुबळी असती तर तिचा स्वतःचा दाब कोसळला असता. येथे बॅटरी देत आहे आणि सेल्फपर्यंत पोहोचत नाही. मध्येच ३.२ व्होल्ट गळत आहेत.

इंजिन चालू करून हेडलाइट व पंखा लावल्यावर अल्टरनेटरच्या टोकाशी, त्याच्या कवचाच्या सापेक्ष, १४.१ व्होल्ट मिळाले. अल्टरनेटर निर्दोष ठरला. बॅटरीवर मात्र १२.७ व्होल्टच होते. उरलेल्या १.४ व्होल्टांचा शोध घेता अल्टरनेटरपासून बॅटरीच्या धन टोकापर्यंत उतार ०.१५ भरला, आणि अल्टरनेटरच्या कवचापासून बॅटरीच्या ऋण टोकापर्यंत १.२५. क्लॅम्प-मीटर या वेळी ४५ अँपिअर दाखवीत होता. म्हणजे अर्थच्या मार्गातील रोध १.२५ भागिले ४५, सुमारे ०.०२८ ओहम. इंजिन व गाडीचा सांगाडा यांना जोडणारी विणलेली पट्टी बोल्टपाशी गंजून सैल झाली होती. सेल्फचा ११० अँपिअर प्रवाह याच पट्टीतून परततो. ११० गुणिले ०.०२८ म्हणजे ३.१ व्होल्ट. सकाळच्या गळतीचा हिशोबही अशा रीतीने लागला. त्या सांध्यात ४५ अँपिअरला सुमारे ५६ वॅट, म्हणजे हेडलाइटच्या एका दिव्याएवढी, शक्ती उष्णतेच्या रूपाने वाया जात होती. उष्णतेने व इंजिनाच्या कंपाने सांधा आणखी सैल होई, त्या क्षणी अल्टरनेटर जवळजवळ तुटल्यासारखा होई आणि अर्धपोटी बॅटरीवर सर्व भार पडून नियंत्रकाचा दाब अकराच्या खाली जाई.

पट्टी बदलून व बैठक घासून स्वच्छ केल्यावर अर्थच्या बाजूचा उतार ०.०९ व्होल्ट राहिला. बॅटरी बाहेर काढून साडेचार अँपिअरने सहा-सात तास भारून घेतली. तीनही संकेतांक पुसल्यावर पुन्हा उमटले नाहीत. ब्रेकचा नियंत्रक बदलला असता तर तो प्रकार ‘आग सोमेश्वरी आणि बंब रामेश्वरी’ असा झाला असता. नव्या बॅटरीने गाडी काही आठवडे चालली असती खरी, परंतु तीही त्याच मार्गाने उपाशी राहून बसली असती. अर्धवट दुरुस्तीचे यश हे अपयशापेक्षा अधिक घातक असते, कारण ते चुकीच्या निदानावर शिक्कामोर्तब करते.

उभ्या गाडीतील गळती

वरील उदाहरणात दोष भारणाच्या मार्गात होता. पुष्कळदा मात्र तो गाडी बंद असतानाच्या गळतीत असतो. घड्याळ, चोर-घंटा, किल्लीचा संदेश ऐकणारा ग्राहक इत्यादींसाठी बंद गाडीतही थोडा प्रवाह लागतो. तो ५० मिलिअँपिअरपर्यंत असणे क्षम्य मानतात. दिवसाकाठी १.२ अँपिअर-तास या दराने ४५ अँपिअर-तासांची बॅटरी निम्म्यावर येण्यास सुमारे एकोणीस दिवस लागतील. तोच प्रवाह एखाद्या न मिटणाऱ्या रिलेमुळे ३०० मिलिअँपिअर झाला तर तीन दिवस पुरेत.

ही गळती मोजताना घाई उपयोगी नाही. गाडी बंद केल्यावर निरनिराळे नियंत्रक निद्रिस्त होण्यास वीस मिनिटांपासून तासापर्यंत अवधी लागू शकतो. तोपर्यंत घेतलेले माप निरर्थक होय. शिवाय फ्यूज उपटून शोध घेऊ लागल्यास झोपलेले नियंत्रक जागे होतात. म्हणून प्रत्येक फ्यूजच्या दोन टोकांमधील मिलिव्होल्ट मोजून कोणत्या शाखेत प्रवाह आहे हे ठरविणे अधिक श्रेयस्कर.

सेल्फ वारंवार मारल्यामुळे बॅटरी उतरते, अशीही एक लोकप्रिय समजूत आहे. १५० अँपिअर दोन सेकंद वाहिले तर खर्च ३०० अँपिअर-सेकंद, म्हणजे ०.०८३ अँपिअर-तास होतो. दहा अँपिअरच्या भारणाने तो अर्ध्या मिनिटात भरून निघतो. थोडक्या प्रवासाची खरी हानी अन्यत्र आहे. दहा मिनिटांत दहा अँपिअरने जे १.६७ अँपिअर-तास मिळतात त्यांपैकी १.२ दिवसभराच्या गळतीतच जातात; आणि कोंडीत उभ्या असलेल्या गाडीत अल्टरनेटरचे फेरे कमी, पंखा व दिवे मात्र चालू, त्यामुळे हे दहा अँपिअरही हाती लागत नाहीत. हर्सूलहून अजिंठ्यापर्यंत एकदा जाऊन आलेली गाडी पुढे आठवडाभर निमूट चालते, याचे रहस्य यात आहे.

संकेतांकांची गर्दी

आजच्या गाडीत अनेक नियंत्रक असून ते कॅन नामक समान तारमार्गावरून परस्परांशी बोलतात. बॉश कंपनीने १९८६ साली मांडलेली ही पद्धती आता सर्वत्र रूढ आहे. दाब उतरला की काही नियंत्रक आधी मूक होतात व काही नंतर. जे जागे असतात ते ‘अमुकाशी संपर्क तुटला’ अशी नोंद करतात. परिणामी एकाच सैल बोल्टामुळे दहा-वीस संकेतांक उमटू शकतात व गाडीचे सर्वांग रोगग्रस्त असल्याचा भास होतो. अशा वेळी क्रम महत्त्वाचा. दाबाचा संकेतांक यादीत असेल तर प्रथम तोच सोडवावा. इतर सर्व टिपून घ्यावेत, पुसावेत, गाडी चालवावी आणि जे पुन्हा येतील त्यांचाच स्वतंत्र विचार करावा.

यातील काही संकेतांकांचा संबंध थेट सुरक्षिततेशी असतो. विद्युत्-चलित सुकाणू-साहाय्य दाब उतरताच स्वतःला आवरते व चक्र एकाएकी जड होते. ब्रेकची कुलूप-प्रतिबंधक यंत्रणाही अशा वेळी बाजूला होते. साधे ब्रेक लागतात, पण ओल्या रस्त्यावर चाके घसरू शकतात. म्हणून अल्पदाबाचा दिवा लागला असता ‘गाडी तर चालते आहे’ या समाधानावर विसंबणे धोक्याचे आहे.

निदानाच्या ओघात एका सावधगिरीचा उल्लेख अवश्य केला पाहिजे. आम्लाच्या घटातून भारणाच्या वेळी हायड्रोजन निघतो. ठिणगी टाळण्यासाठी बॅटरी सोडविताना ऋण टोक आधी व जोडताना शेवटी, हा नियम पाळावा. इंजिन चालू असताना बॅटरीचे टोक काढून अल्टरनेटर तपासण्याची जुनी रीत डायनॅमोच्या काळात खपून गेली. आजच्या गाडीत तिच्यामुळे दाबाची जी उसळी येते ती नियंत्रकांचा बळी घेऊ शकते.

उपसंहार

विश्रांत दाब, सेल्फच्या वेळचा दाब, भारणाचा दाब, मार्गातील उतार, तरंग आणि बंद गाडीतील गळती, या सहा मापनांना एक मल्टिमीटर, एक क्लॅम्प-मीटर आणि सुमारे दोन तास पुरतात. यांतील एकही मापन स्कॅनर करून देत नाही. स्कॅनर केव्हा व कोठे पाहावे हे सांगतो. काय पाहावे हे ओहमचा नियम आणि घटाचे रसायन सांगतात.

चुकीच्या निदानाचा भार एकट्या मालकावर पडतो असेही नाही. बॅटरीच्या वजनाचा सुमारे साठ टक्के भाग शिशाचा असतो. अकाली टाकलेली प्रत्येक बॅटरी वितळविण्याच्या भट्टीकडे जाते, आणि ती भट्टी नियमबाह्य असेल तर शिशाचे कण लगतच्या माती-पाण्यात व तेथील मुलांच्या रक्तात उतरतात. बॅटरी-कचऱ्याच्या व्यवस्थापनासाठी भारत सरकारने २०२२ साली जे नियम केले त्यांनी जुनी बॅटरी परत घेण्याची जबाबदारी उत्पादकांवर टाकली आहे. परंतु जी बॅटरी टाकण्याची वेळच आलेली नव्हती ती न टाकणे हा त्याहून सोपा उपाय आहे. तो गंजलेल्या पट्टीच्या दोन टोकांना मल्टिमीटरच्या सळ्या लावणाऱ्याच्या हाती आहे.